यात तू कुठेच नाहीस

परवा सुमी कपाट आवरत होती. माझ्या जुन्या डायऱ्या हाती लागल्या तशी खाली फतकल मारून वाचत बसली. अर्ध्या तासाने म्हणाली, "आई, यात तू कुठेच नाहीस गं." आणि पुढचा कप्पा उपसायला घेतला.

तिच्या मनात काही नव्हतं. मला मात्र दोन रात्री झोप नाही. काल उठून १९९४ची डायरी काढली. गॅस आला. दुधाचे दिले. ह्यांची परीक्षा. बदलीचा आदेश आला, सोमवारी रुजू. पुढच्या पानावर परत गॅस. खरंच, मी कुठे आहे?

महिनाभर अप्पासाहेब पंतांचं वाचतेय, म्हणूनही जास्त लागलं असेल. औंधच्या राजाचा मुलगा. बहात्तर गावांचं संस्थान. १९३९ साली वडिलांनी राज्यकारभार लोकांच्या हाती दिला, त्या घडामोडीत हा मुलगा गांधीजींकडे जात-येत होता. १९४८ला संस्थान विलीन झालं आणि त्याच वर्षी अप्पासाहेब भारताचे आयुक्त म्हणून नैरोबीला गेले. तिथून पुढे सगळी हयात परदेशी वकिलातींत.

म्हणजे त्यांचंही लिहिणं दुसऱ्याच्या नावाचंच की. राजदूत बोलतो ते सरकारचं बोलणं. नैरोबीत राज्य ब्रिटिशांचं, आणि अप्पासाहेबांचा जीव आफ्रिकी पुढाऱ्यांत. ते गोऱ्यांना खुपलं. १९५२ला केनियात आणीबाणी लागली, १९५४ला अप्पासाहेबांना तिथून निघावं लागलं. मग गंगटोक. सिक्कीम, भूतान आणि तिबेट, तिन्हींकडे बघायची जबाबदारी. १९५४च्या करारात आपण तिबेट हा चीनचा भाग मानला होता, यातुंग आणि ग्यान्त्सेमधले आपले सैनिक परत बोलावले होते. आणि १९५६ला बुद्धजयंतीसाठी दलाई लामा नथू ला खिंड ओलांडून आले, तेव्हा गंगटोकला होते ते अप्पासाहेब. समोर तो एकवीस वर्षांचा मुलगा, पाठीशी दिल्लीचं धोरण. त्या दिवसाचा अहवाल गेलाच असणार, क्रमांक घालून, तारीख घालून. पण रात्री एकट्याने काय वाटलं असेल, ते त्या कागदात कुठे मावणार?

तेच मला पुन्हा पुन्हा छळतंय. मावत नाही ते माणूस ठेवतो कुठे?

मी एकतीस वर्षं "उपरोक्त विषयास अनुसरून" लिहिलं. मसुदा माझा, सही साहेबांची. माझं इंग्रजी बरं होतं म्हणून अवघड पत्रं माझ्याकडेच यायची. त्यांतलं एक वाक्य माझं म्हणून दाखवता येणार नाही. अप्पासाहेबांना ऑक्सफर्ड होतं, मागे राजवाडा होता, यमाईच्या डोंगरावर वडिलांनी उभारलेलं संग्रहालय होतं. मला सकाळी पाचला पाणी भरायचं असे. काल रात्री हे सगळं मनात येऊन रडू आलं. ह्यांना उठवलं नाही. ह्यांच्याशी त्या वर्षाबद्दल आम्ही कधी... जाऊ दे.

आज दुपारी पुस्तक परत उघडलं. त्यांच्या आठवणींचं पहिलं पुस्तक आलं १९७४ला. जन्म १९१२चा, म्हणजे साठी उलटल्यावर. तोवर इंडोनेशिया, नॉर्वे झालं होतं. १९६७च्या युद्धात कैरोत, मग लंडनला उच्चायुक्त, शेवटी इटली. सव्वीस वर्षं दुसऱ्याच्या वतीने बोलून झाल्यावर मग स्वतःचं. त्यानंतर थांबले नाहीत, १९८९ला वडिलांवर आणि औंधवर लिहिलं, तेव्हा वय सत्त्याहत्तर. वडिलांबद्दल लिहायला त्यांनाही इतकी वर्षं लागली, यावर मी बराच वेळ थांबले.

इतकी वर्षं ते कुठेतरी होतंच ना. हरवलं असतं तर लिहिता कसं आलं असतं?

मग १९९४ परत घेतली. बदलीचा आदेश आला, सोमवारी रुजू. पाच शब्द. पण ते वाचताच मला तो जिना दिसला, ओली छत्री दिसली, शिपाई मान खाली घालून उभा होता ते दिसलं. सुमी सहा वर्षांची, तिला ताप होता. सुमीला हे कसं दिसणार? तिला पाच शब्दच दिसणार. तिने म्हटलं त्यात तिचं काहीच चुकलं नाही.

जे होतं ते असं होतं. त्या वर्षी तेवढंच लिहायला जमलं.

पेन्सिल घेतली आणि त्या ओळीखाली बारीक अक्षरात लिहिलं: त्या दिवशी मी डबा न उघडता परत आणला. अजून एक ओळ लिहिणार होते, तेवढ्यात सुमीचा फोन आला. उद्या येतेय म्हणाली.

डायरी कपाटात ठेवली नाही. टेबलावरच आहे.