रोहिणीशेजारचा ठिपका

2021 ची दिवाळी माहेरी होते, माण तालुक्यात. 4 नोव्हेंबरला लक्ष्मीपूजन, अमावस्येची रात्र, आणि त्याच आठवड्यात सेरेस रोहिणीला खेटून चाललेला. मंगळ आणि गुरू यांच्यामधल्या लघुग्रहांच्या पट्ट्यातला हा सगळ्यात मोठा गोळा. व्यास सुमारे 940 किलोमीटर, आणि अख्ख्या पट्ट्याच्या वस्तुमानाचा जवळजवळ तिसरा हिस्सा एकट्याचा! तरी नुसत्या डोळ्यांना तो दिसत नाही.

अकरा वाजता फटाक्यांचा धूर बसल्यावर नाना आणि मी गच्चीवर गेलो. विजेरीला पतंगाचा लाल कागद बांधला, दहा बाय पन्नासची दुर्बीण पाण्याच्या टाकीवर टेकवली. रोहिणीच्या झगमगाटात काही सुधरेना. शेवटी ती टाकीच्या कडेआड झाकली, तेव्हा कुठे शेजारचा फिकट ठिपका दिसला. दिसतील तेवढे सगळे तारे वहीत पेन्सिलीनं टिपून घेतले. पाडव्याला ढग आले, ती रात्र गेली. भाऊबीजेला वही पुन्हा उघडली. बाकीचे ठिपके जिथल्या तिथं, आणि हा एकटाच पश्चिमेला सरकलेला, चंद्रबिंबाच्या निम्म्याहून थोडा जास्त.

"हललं की गं!" नाना म्हणाले.

पालेर्मोच्या वेधशाळेत जुझेप्पे पियाझ्झींनाही 1 जानेवारी 1801 रोजी तो असाच तारा वाटला होता, आणि तोही वृषभ राशीतच. पुढच्या रात्री जागा बदललेली. फेब्रुवारीपर्यंत त्यांनी नोंदी ठेवल्या, मग आजारी पडले, आणि तोवर सेरेस सूर्याच्या उजेडात गेला. चोविशीतल्या गणितज्ञ गाउसनं त्या मोजक्या नोंदींवरून कक्षा मांडली. वर्षाच्या अखेरीस सेरेस त्या गणिताच्या आसपासच सापडला. मला हा खगोलशास्त्रातला सगळ्यात सुंदर हिशोब वाटतो.

नेपच्यूनपलीकडच्या बर्फाळ पट्ट्याचा शोधही असाच लागला. डेव्हिड ज्युइट आणि जेन लू यांनी पाच वर्षं आकाशाचे फोटो एकमेकांशी ताडून पाहिले, आणि ऑगस्ट 1992 मध्ये हवाईतल्या मौना केआवरून त्यांना प्लुटोपलीकडचा एक सरकणारा ठिपका सापडला.

सेरेसचं त्या थंड मुलखाशी नातं असावं. सेरेसभोवती फिरणाऱ्या नासाच्या डॉन यानाला त्याच्या मातीत अमोनिया मिळाला. अमोनियाचा बर्फ टिकतो तो सूर्यापासून फार लांब. म्हणजे एक तर सेरेसच तिकडून आत आला, नाहीतर तिकडचा माल वाहत येऊन त्याच्यावर बसला. मला पहिली शक्यता आवडते.

डॉनचं इंधन 2018 मध्ये संपलं. यान मात्र मुकेपणी सेरेसभोवती फिरतंच आहे. आम्ही पाहत होतो त्या ठिपक्यात, 27 कोटी किलोमीटरवर, तेही होतं. हे सांगितल्यावर नानांनी दुर्बीण परत मागून घेतली.