पोतोचारीची मायका

बोस्नियाच्या राजधानीतले, साराएवोतले, चार दिवस छान गेले, पण त्यांच्याबद्दल लिहावंसंच वाटत नाही. मन पोतोचारीत अडकलंय.

स्रेब्रेनित्साच्या अलीकडचं हे गाव. ओळीनं पांढरे दगड, जन्मसालं निरनिराळी, मृत्यूचं साल एकच, १९९५. संयुक्त राष्ट्रांनी ‘सुरक्षित’ ठरवलेल्या या भागात बोस्नियन सर्ब सैन्यानं, युद्ध चालू असताना, त्या जुलैत ८,००० हून जास्त बोस्नियन मुस्लिम पुरुष आणि मुलगे मारले.

ड्रायव्हरच्या ओळखीच्या एका बाईंकडे कॉफीला गेलो. कॉफी कडू जहर, पण आग्रह असा की कोल्हापूर आठवावं. तिथे आईला ‘मायका’ म्हणतात. मला त्यात आपली ‘माय’ ऐकू आली, मीही तेच म्हणू लागले.

मायकांना तेव्हा इतर बायकांबरोबर बसमध्ये चढवून गावाबाहेर धाडलं. सोळा वर्षांचा मुलगा जीव वाचवायला जंगलातून तुझ्ला शहराकडे निघाला, तो पोचलाच नाही.

मारणाऱ्यांनी पुरावा लपवायला खड्डे यंत्रांनी उकरून प्रेतं दुसरीकडे पुरली. म्हणून एकाच माणसाची हाडं दोन-तीन ठिकाणी सापडतात. डीएनए जुळवायला मायकांनी रक्त दिलं. दहा वर्षांनी फोन आला, मांडीचं एक हाड मिळालं होतं. तेवढंच पुरायचं की आणखी मिळेपर्यंत थांबायचं, हे आईनं ठरवायचं!

आपल्याकडे माणूस गेलं की सुतक धरतात, दहावा-तेरावा होतो, रडायलाही दिवस नेमलेले असतात. या माउलीनं सुतक धरायचं तरी कुठल्या दिवसापासून?

त्या तीन वर्षं थांबल्या. मग ११ जुलैला, नव्यानं ओळख पटलेल्या इतरांबरोबर, त्यालाही पुरलं. “त्या रात्री दाराला कडी लावली,” त्या म्हणाल्या. “तोवर लावत नव्हते.”

आता परसात रासबेरी आहे. दुपारी त्या क्रोशाची फुलं विणतात, मधे हिरवं, भोवती अकरा पांढऱ्या पाकळ्या, ११ जुलैच्या. मलाही शिकवायला बसल्या. माझी पाकळी सैल पडली. त्यांनी उसवली आणि सुई परत माझ्याच हातात दिली.

तेवढ्यात फोन वाजला. मायकांचे हात थबकले. मुलाचा उजवा हात अजून मिळालेला नाही, ड्रायव्हर मला हळूच म्हणाला.

नातीचा फोन होता. येताना पाव आणू का, विचारत होती.