शाळेचं दार आणि हक्कारचा शाप

मी एका वैद्यकीय महाविद्यालयात पीएसएम, म्हणजे रोगप्रतिबंधक आणि सामाजिक वैद्यकशास्त्र, शिकवते. साथ कशी पसरते, कुठे अडवायची, हेच माझं रोजचं काम. त्या दिवशी मात्र समोर विद्यार्थी नव्हते. एका प्राथमिक आरोग्य केंद्राच्या हॉलमध्ये बावीस आशाताई सतरंजीवर बसल्या होत्या. साथरोग सर्वेक्षणाचं प्रशिक्षण होतं आणि जेवणाआधीचा तास माझा होता. कोविड म्हटलं की ताईंचे चेहरे मिटतात, हे मला ठाऊक होतं. म्हणून मी कुठेच नसलेल्या एका जगातली साथ सांगायला घेतली.

त्या जगाचं नाव ॲझरॉथ. वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट हा संगणकावरचा खेळ त्या जगात चालतो. लाखो माणसं आपापल्या घरी बसून एकाच वेळी त्यात शिरतात. कुणी योद्धा होतं, कुणी शिकारी, कुणी मंत्राने जखमा भरणारा वैद्य. १३ सप्टेंबर २००५ रोजी तिथे एक नवी जागा खुली झाली, झुलगुरुब नावाचं जंगलातलं जुनं देवस्थान. आत हक्कार हा रक्ताचा सर्पदेव. त्याच्याशी वीस जणांनी मिळून लढायचं. लढता लढता तो कुणावर तरी नासक्या रक्ताचा शाप टाकायचा. शाप लागला की माणसाचं बळ सेकंदासेकंदाला गळायचं आणि जवळ उभ्या असलेल्यालाही तो लागायचा. देवस्थानाची हद्द ओलांडली की शाप उतरायचा. निदान ठरलं तरी तसं होतं.

"मग पसरला कसा?" पुढच्या रांगेतून एका ताईंनी विचारलं.

शिकाऱ्यांजवळ पाळीव जनावरं असतात. लढाईत जनावराला शाप लागला की शिकारी त्याला मंत्राने अदृश्य करून ठेवायचा. जनावर दिसेनासं झालं, पण त्याच्या अंगावरचा शाप तसाच राहिला. शिकारी शहरात परतला, भर बाजारात त्याने जनावराला पुन्हा बोलावलं, आणि शाप त्याच्यासोबत बाहेर पडला. कच्चे खेळाडू काही क्षणांतच पडले. रस्त्यावर हाडांचे सापळे साचले. लोक शहरं सोडून रानात पळाले. बाजारातले दुकानदार आणि पहारेकरी कुणी माणूस चालवत नव्हता, ती खेळातलीच पात्रं. त्यांना शाप लागायचा, पण ती मरत नव्हती. जागच्या जागी उभी राहून येणाऱ्याजाणाऱ्याला शाप देत राहिली.

इथे मी थोडी थांबले, कारण या साथीतला मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा भाग पुढे होता. एरिक लोफग्रेन आणि नीना फेफरमन यांनी २००७ मध्ये द लॅन्सेट इन्फेक्शस डिसीजेस या नियतकालिकात या प्रकारावर लेख लिहिला. त्याच वर्षी रान बालिसर या साथरोगतज्ज्ञांनीही त्यावर लिहिलं. माणसं कशी वागली, याकडे या लोकांचं लक्ष गेलं. कुणी काय चाललंय ते बघायला म्हणून शहरात गेले आणि शाप घेऊन परतले. काहींनी मुद्दाम पसरवला. आणि वैद्य खेळाडू धावत मदतीला गेले. त्यांच्या मंत्राने माणूस वाचायचा, पण शाप अंगावरच असायचा. जो लगेच पडला असता, तो आणखी वेळ जगून आणखी चौघांना द्यायचा.

साथ एकदा विझवून भागणार नव्हतं. हक्कार तिथेच होता, त्याच्याकडे जाणाऱ्या तुकड्याही थांबत नव्हत्या, म्हणजे शाप पुन्हा बाहेर यायला वाट मोकळीच. खेळ चालवणाऱ्या कंपनीने लोकांना वेगळं राहायला सांगून पाहिलं, ते कुणी नीट पाळलं नाही. शेवटी सर्व्हर बंद करून पुन्हा चालू केले आणि पाळीव जनावराला शाप लागणारच नाही अशी दुरुस्ती केली, तेव्हा कुठे थांबलं.

"हे आमच्या शाळेसारखंच झालं," मघाच्याच ताई म्हणाल्या. २०२० मध्ये मुंबईहून आलेली माणसं त्यांच्या गावी जिल्हा परिषदेच्या शाळेत ठेवली होती. दाराला दोर, बाहेर पाटी, रजिस्टर. "आतून कुणी बाहेर येत नव्हतं मॅडम. पण घरून डबे यायचे. डबा घेऊन जाणारं पोरगं आत जायचं, मोकळे डबे घेऊन घरोघरी यायचं. त्याचं नाव कुठल्याच रजिस्टरमध्ये नव्हतं."

इतकी वर्षं मी हे प्रकरण शिकवते आहे, शिकाऱ्याच्या जनावराचं इतकं चपखल उदाहरण मला सुचलं नव्हतं. मी फळ्यावर लिहू लागले. तेवढ्यात मागे भिंतीला टेकून बसलेल्या एक वयस्क ताई बोलल्या. सकाळपासून त्या गप्प होत्या.

"म्हणजे वैद्यानंच पसरवला."

हॉल शांत झाला. मग त्या सांगत गेल्या. दुसऱ्या लाटेत रोज पन्नास घरं. एकच ऑक्सिमीटर, या बोटातून काढून त्या बोटात. पहिले काही दिवस सॅनिटायझर नव्हतं, पदराने पुसायचं. त्यांच्या वस्तीवर चार माणसं गेली. "मी गेले नसते तर?"

मी पुस्तकातलं उत्तर दिलं नाही. मी एवढंच म्हणाले की ताई, तुम्ही गेला नसतात तर ऑक्सिजन कमी झालेली माणसं घरातच राहिली असती, कुणाला कळलंही नसतं. वस्तीतले किती जण दवाखान्यात पोचले? त्यांनी बोटांवर मोजलं. अकरा. त्यांतले नऊ आजही आहेत. आणि पदराने पुसायला लावलं तो दोष तुमचा नव्हे, ज्यांनी तुम्हाला रिकाम्या हाताने पाठवलं त्यांचा. हे बोलताना माझा आवाज नीट राहिला नाही.

त्यांनी जरा वेळाने विचारलं, "त्या खेळातली मेलेली माणसं परत उठतात का हो?"

"उठतात."

"मग त्यांचं बरंय."

जेवणाची वेळ टळून गेली होती, पण कुणी उठलं नाही. मी खडू त्यांच्या हातात दिला आणि वस्तीचा नकाशा काढायला सांगितला. त्यांनी घरं काढली, हापसा काढला, किराण्याचं दुकान, पिठाची गिरणी. मग बाजूला यादी सुरू केली, घराघरात ये-जा कुणाची असते त्यांची. दूधवाला, गिरणीवाला, डब्याचं पोरगं.

यादीत सगळ्यांत वर मात्र त्यांनी स्वतःचं नाव लिहिलं, आणि त्यापुढे कंसात: दोन ऑक्सिमीटर, सॅनिटायझर.