आईसाठी झालो बेन्शी

रविवारी रात्री लॅपटॉपवर ‘ओरोची’ लावला. १९२५चा जपानी मूकपट, दिग्दर्शक बुन्तारो फुतागावा. आई शेजारी शेंगा सोलत बसलेली. तिला इंग्रजी पाट्या वाचता येत नाहीत, म्हणून मी एकेक पाटी मोठ्यानं मराठीत सांगत सुटलो. जपानात या कामाला थिएटरात माणूसच असायचा, बेन्शी. पडद्याशेजारी बसून सगळ्या पात्रांचे आवाज तोच काढायचा.

सुरुवातीलाच पाटी येते: दुष्ट म्हणवले जाणारे सगळे दुष्ट नसतात आणि सज्जन म्हणून मिरवणारे सगळे सज्जन नसतात. “मग, खरंच आहे की,” आई.

हेइसाबुरो हा साधा सामुराई, गुरूंकडे शिकणारा. गुरूंच्या वाढदिवसाला बड्या घरच्या पोरानं पिता पिता कुरापत काढली, हा भडकला, ठपका याच्यावरच. पुढं गुरूंच्या मुलीबद्दल, नामिएबद्दल कुणी वंगाळ बोललं म्हणून भिडला, तर थेट हकालपट्टी.

“अरे, पण हा तोंड उघडून सांगत का नाही?”

“मूकपट आहे, आई.”

शेंगेचं टरफल अंगावर आलं.

मूळ नाव ‘बुराइकान’, म्हणजे मवाली. सेन्सॉरला ते खपलं नाही, म्हणून ‘ओरोची’, मोठा साप. नायक त्सुमासाबुरो बांदो तेव्हा २३ वर्षांचा आणि कंपनीही त्याचीच. त्याच वर्षी आमच्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ काढला होता. त्या मूकपटाची प्रिंट आज नाही. हे आठवलं की पोटात तुटतं.

शेवटी नामिए आणि तिचा नवरा एका गुंडाच्या तावडीत सापडतात. हा गुंड बाहेर पुण्यवान म्हणून पुजला जाणारा. हेइसाबुरो तलवार उपसतो, त्याला मारतो, मग शिपायांची झुंडच्या झुंड अंगावर येते. केस सुटलेले, चारी बाजूंनी दोर. मारामारी संपतच नाही. आईचे हात शेंगांवर थांबले होते.

अखेर त्याला बांधून नेतात. रस्त्यावरची माणसं शिव्या घालतात. गर्दीत फक्त त्या दोघांच्या डोळ्यांत पाणी.

“त्या दोघांनी तरी नंतर गावाला सांगितलं का?” आईनं विचारलं.

मी पडद्याकडे बघितलं. पुढं पाटी नव्हती.