फातमा मरते तो सिनेमा

"बाई असून तुम्ही 'गुर्बेत कुश्लारी' का दाखवता?" आमच्या फिल्म सोसायटीत दर खेळानंतर कुणीतरी विचारतंच. तर आता सांगते.

तुर्की दिग्दर्शक हालित रेफीचा १९६४ चा सिनेमा. मराशहून आलेलं कुटुंब इस्तंबूलच्या हैदरपाशा स्टेशनवर उतरतं, इस्तंबूल जिंकायला आलोय म्हणत गॅरेज टाकतं आणि शेवटी हरून गावची गाडी धरतं. घरातली मुलगी फातमा मात्र परतत नाही. भावांनीही शहरात बाहेरचे नाद केलेत, पण त्यांना घर आहे. तिचं पाऊल घसरलं की भाऊच मागे लागतात आणि तिचा जीव जातो. हे मला दिसत नाही असं वाटतं का तुम्हाला?

एका खेळाला फातमा मेली, तेव्हा मागच्या रांगेतून एका पुरुषाचा आवाज आला, "बरं झालं." कुजबुज नव्हती, चांगलं खणखणीत. कुणी हूं की चूं केलं नाही. माझ्या शेजारची कॉलेजातली मुलगी उठली, रांगेतल्या सगळ्यांचे पाय तुडवत बाहेर गेली. मी मागोमाग गेले. जिन्यात ती रागानं थरथरत होती. म्हणाली, "तो बोलला ते सिनेमानंच त्याला शिकवलं ना?" मी म्हटलं, "तो ते घरूनच घेऊन आला होता." ती म्हणाली, "मग इथे त्याला टाळी कशाला देता?" मला उत्तर सुचलं नाही. आजही पूर्ण सुचलेलं नाही.

पूर्वीची मी म्हणाले असते, तो काळच तसा होता. १९५० नंतर अनातोलियातून, म्हणजे तुर्कस्तानच्या आशियाई भागातून, माणसांचे लोंढे इस्तंबूलला येत होते, स्टुडिओतल्या मेलोड्रामांच्या गर्दीत रेफीनं ते शहर रस्त्यावर उतरून टिपलं, अंताल्याच्या पहिल्याच चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला. सगळं खरं. पण काळ तसा होता म्हणताना आपण फातमाला दुसऱ्यांदा मारतो.

तरी मी दाखवते. स्टेशनच्या पायऱ्यांवर उभं राहून शहराकडे बघणारी ती माणसं इतकी खरी आहेत की मला सिनेमा टाकवत नाही. आणि तो "बरं झालं" उजेडात ऐकू यावा, त्याला तिथल्या तिथे कुणीतरी अडवावं, असंही वाटतं. आता चर्चा मी फातमापासूनच सुरू करते. एवढ्यानं त्या मुलीचं समाधान होईल का, माहीत नाही. ती त्यानंतर आलेली नाही.