द्राक्षबागेतला शेफर्ड

फेब्रुवारीच्या अखेरीस गिरणारे परिसरातील एका द्राक्ष बागायतदाराने आपला साडेचार वर्षांचा जर्मन शेफर्ड माझ्या नाशिकमधील दवाखान्यात आणला, तेव्हा त्यांचे निदान आधीच ठरलेले होते : "डॉक्टर, शेरूच्या डोळ्यांत फूल पडलंय." दोन्ही डोळ्यांच्या बाहेरच्या कोपऱ्यातून कॉर्नियावर, म्हणजे डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक पडद्यावर, गुलाबी, मांसल थर चढत आला होता, त्यात बारीक रक्तवाहिन्यांचे जाळे होते आणि त्यामागोमाग तपकिरी रंग बाहुलीकडे सरकत होता. फ्लुरोसिनचा थेंब टाकून पाहिले, पण हिरवा डाग कुठेच उमटला नाही, म्हणजे जखम नव्हती. अश्रू मोजायची पट्टीही मिनिटाला 18 मिलिमीटर भिजली, म्हणजे डोळे कोरडेही नव्हते.

हा पॅनस होता. यात शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच कॉर्नियावर उलटते आणि उन्हातील अतिनील किरणे तिला खतपाणी घालतात. शेफर्डमध्ये हा आजार विशेष आढळतो. मी स्टेरॉइडचे थेंब आणि सायक्लोस्पोरिनचे मलम लिहून दिले, औषध जन्मभर चालेल हेही सांगितले, आणि माझे काम झाले असे समजलो.

एप्रिलमध्ये तो परत आला, तेव्हा दवाखान्याच्या उंबऱ्याला अडखळला. तपकिरी डाग बाहुलीच्या कडेला भिडला होता. औषध एकदाही चुकले नव्हते, हे त्यांनी आणलेल्या रिकाम्या ट्यूबांवरूनच कळत होते. मी सगळे विचारले होते, फक्त कुत्रा दिवसभर कुठे बांधलेला असतो, एवढेच विचारायचे राहून गेले होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी एक वाजता मी मळ्यावर गेलो. शेरू पॅकिंग शेडपुढच्या सिमेंटच्या खळ्यावर साखळीला होता. ऊन वरून पडत होते आणि खळ्यावरून उसळून खालूनही डोळ्यांत जात होते. शेजारच्या बागेत मात्र उशिराच्या घडांना उन्हाचा चट्टा पडू नये म्हणून एकेक करून वर्तमानपत्राचा कागद गुंडाळलेला होता. मी काही बोलण्याआधी त्यांनीच एकदा घडांकडे, एकदा कुत्र्याकडे पाहिले आणि खाली मान घातली.

सकाळी दहा ते चार त्याला खोलीत ठेवायचे आणि राखणीला बाहेर काढायचाच झाला तर 400 नॅनोमीटरपर्यंतची, म्हणजे अतिनील, किरणे अडवणारा, कुत्र्यांसाठीचा पट्ट्यांचा चष्मा लावायचा, असे ठरले. पहिला चष्मा त्याने पंजाने ओढून चावून टाकला. मग त्यांच्या आईंनी युक्ती काढली : चष्मा डोळ्यांवर असेपर्यंतच भाकरीचे तुकडे मिळतील. दहा-बारा दिवसांत तो चष्मा पाहिला की मान पुढे करू लागला.

जूनअखेर रक्तवाहिन्या ओसरल्या होत्या आणि गुलाबी थर पातळ झाला होता. जुना तपकिरी रंग बराचसा तसाच राहिला, पण शेरू उंबरा नीट ओलांडून आत आला. बाहेर पाऊस लागला होता. "आता ऊनच नाही, तर मलम बंद करू का?" त्यांनी विचारले. मी चिठ्ठीवर पुढच्या तीन महिन्यांचे मलम लिहिले आणि ढगांतूनही अतिनील किरणे येतात, म्हणून चष्माही खुंटीवर टांगू नका, असे सांगितले.