थेरेसा हॅरिस : नववा चित्रपट वहीत उतरला

काल रात्री 'आउट ऑफ द पास्ट' (१९४७) तिसऱ्यांदा लावला, तोही जुन्या हॉलिवूडमधली कृष्णवर्णीय अभिनेत्री थेरेसा हॅरिस हिच्या एकाच सीनसाठी. पळून गेलेल्या बाईचा माग काढत रॉबर्ट मिचम नाइटक्लबात येतो. तिथे त्या बाईची मोलकरीण युनिस, म्हणजे थेरेसा, मित्राबरोबर बसलेली असते. हातात ट्रे नाही, अंगावर एप्रन नाही. छान नटूनथटून ती गिऱ्हाईक म्हणून आलीय. बाई फ्लोरिडाला गेली, असं ती सांगते आणि बोलता बोलता लस टोचल्याचा उल्लेख करते. फ्लोरिडाला जायला लस कशाला? मिचम ओळखतो : मेक्सिको! कथा तिथून पुढे सरकते ती युनिसच्या या बोलण्यावर. श्रेयनामावलीत मात्र थेरेसाचं नाव नाही.

थेरेसाच्या भूमिका टिपायच्या माझ्या वहीत चार रकाने आहेत : पात्राला नाव, संवाद किती, नोकराचा वेश, श्रेयनामावली. तिसरा रकाना भराभर भरतो. 'जेझबेल'मध्ये (१९३८) बेटी डेव्हिसची दासी, 'आय वॉक्ड विथ अ झॉम्बी'मध्ये (१९४३) पुन्हा मोलकरीण. 'कॅट पीपल'मध्ये (१९४२) ती वेट्रेस आहे. शेवटचे दोन आणि 'आउट ऑफ द पास्ट', तिन्ही दिग्दर्शक झाक टर्नरचे. त्याच्या कॅमेऱ्यासमोर ती नुसती ये-जा करत नाही, समोरच्याकडे बघून मोकळेपणी बोलते. हे माझ्या लक्षात यायला सहा महिने लागले.

सगळ्यात जास्त पानं 'बेबी फेस'ला (१९३३) गेली. यात ती चिको, बार्बरा स्टॅनविकच्या लिलीची सोबतीण. दोघी मालगाडीच्या डब्यातून चोरून न्यूयॉर्क गाठतात. लिली श्रीमंत झाल्यावर एक पुरुष चिकोला काढून टाक म्हणतो, आणि लिली त्याला एका शब्दात गप्प करते : चिको राहणार. त्या काळच्या हॉलिवूडमध्ये गोऱ्या नायिकेने कृष्णवर्णीय मैत्रिणीसाठी असं ठाम उभं राहणं फार दुर्मीळ. सेन्सॉरची कात्री न लागलेली प्रत २००४ मध्ये लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये सापडली. पाहायची तर तीच पाहा.

त्याच वर्षीच्या 'होल्ड युअर मॅन'मध्ये ती जीन हार्लोबरोबर सुधारगृहात कैदी आहे, म्हणजे तिसरा रकाना कोरा! तो कोरा ठेवताना मला खरंच आनंद झाला.

पुढचा 'द फ्लेम ऑफ न्यू ऑर्लीन्स' (१९४१), मार्लेन डीट्रिचबरोबरचा. रविवारी दुपारी बसणार आहे.